निकाली निघालेला दावा पुन्हा दाखल करताना: आधी रोजनामा वाचा, मग दावाअर्ज लिहा

कोर्टात ‘डिसमिस’ हा एकच शब्द निदान पाच वेगवेगळ्या गोष्टींसाठी वापरला जातो, आणि त्या पाचांचे परिणाम एकमेकांशी जुळत नाहीत. एकात दुसऱ्याच दिवशी नवा दावा टाकता येतो. दुसऱ्यात नवा दावा कायद्यानेच बंद असतो, पण जुना जिवंत करता येतो. तिसऱ्यात या दोन्ही वाटा नसतात, फक्त अपील उरते. पक्षकार घाईघाईने नवा दावा टाकतो, कोर्ट फी भरतो, समन्स काढतो आणि पहिल्याच तारखेला समोरचा वकील जुन्या आदेशाची नक्कल दाखल करतो. तोवर जुना दावा नंबरावर, म्हणजे पुन्हा कामकाजावर, घेण्याची तीस दिवसांची मुदत उलटून गेलेली असते.

या लेखात मुख्यतः महाराष्ट्रातल्या दिवाणी कोर्टातल्या दाव्यांचा विचार आहे. रिट याचिकांबद्दल शेवटी थोडे.

नक्कल आणि रोजनामा

निकालाच्या दिवशीच, फार तर दुसऱ्या दिवशी, दोन गोष्टींसाठी नक्कल विभागात अर्ज द्या: शेवटच्या आदेशाची प्रमाणित नक्कल आणि किमान शेवटच्या पाच-सहा तारखांचा रोजनामा (प्रत्येक तारखेच्या कामकाजाची कोर्टाची नोंद). ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर सोळा अक्षरी सीएनआर क्रमांक टाकला की आदेश दिसतो, पण तो वाचण्यापुरता. अपिलाला प्रमाणित नक्कलच लागते. नकलेवर अर्जाची तारीख आणि नक्कल तयार झाल्याची तारीख नोंदवलेली असते. अपिलाच्या मुदतीतून तेवढे दिवस वजा होतात, म्हणून तो कागद जपून ठेवा. दावा नंबरावर घेण्याच्या अर्जाला मात्र ही सवलत नाही. ‘नक्कल आली नव्हती’ म्हणून तो अर्ज थांबवून ठेवू नका.

आदेशापेक्षा रोजनामा महत्त्वाचा का? आदेश पुष्कळदा एका ओळीचा असतो: ‘दावा गैरहजेरीत काढून टाकण्यात येतो.’ त्यात नियमाचा आकडा नसतो, कधी चुकीचा असतो. त्या दिवशी कोण हजर होते हे रोजनाम्यात सापडते. ही दोन वाक्ये शेजारी ठेवून पाहा:

‘वादी व वकील पुकारता गैरहजर. प्रतिवादी गैरहजर. दावा काढून टाकला.’

‘वादी व वकील पुकारता गैरहजर. प्रतिवादीचे वकील हजर. दावा काढून टाकला.’

फरक फक्त मधल्या वाक्यात आहे. पहिल्यात नवा दावा चालतो, दुसऱ्यात चालत नाही.

दावा कोणत्या दाराने बाहेर पडला

दोन्ही पक्ष गैरहजर असताना दावा काढला असेल तर तो दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ९ रूल ३ खाली. समन्सचा भत्ता भरला नाही म्हणून काढला असेल तर रूल २. या दोन्हींत रूल ४ प्रमाणे वादीला पर्याय आहे: मुदत शिल्लक असेल तर नवा दावा, किंवा जुनाच नंबरावर घेण्याचा अर्ज. समन्स बजावणीविना परत आल्यावर सात दिवसांत नव्या समन्सचा अर्ज दिला नाही म्हणून रूल ५ खाली दावा काढला, तर तिथेही मुदतीत नवा दावा टाकता येतो.

प्रतिवादी हजर होता आणि वादी नव्हता, तर रूल ८. मग रूल ९ लागू होतो: त्याच कारणावर नवा दावा टाकण्यास मनाई. इथे एकच उपाय, त्याच कोर्टात दावा नंबरावर घेण्याचा अर्ज. तो नामंजूर झाला तर ऑर्डर ४३ रूल १ (सी) खाली अपील आहे. वाटपाचा दावा याला बराचसा अपवाद मानला जातो, कारण मिळकत एकत्र आहे तोवर वाटप मागण्याचा हक्क रोज चालू असतो. पण ‘आमचा दावा वाटपाचा आहे’ एवढ्यावर विसंबून नंबरावर घेण्याची मुदत घालवू नका. आधी अर्ज द्या.

दावाअर्जच नाकारला गेला असेल, म्हणजे ऑर्डर ७ रूल ११, तर रूल १३ सांगतो की केवळ त्या नकारामुळे नव्या दावाअर्जाला बंदी नाही. मात्र कशामुळे नाकारला ते पाहा. मूल्यांकन कमी होते, कोर्ट फी अपुरी होती, तर दुरुस्त करून नवा टाका. ‘दाव्याचे कारण दिसत नाही’ म्हणून नाकारला असेल तर नव्या अर्जात नवी वस्तुस्थिती हवी, विशेषणे बदलून भागत नाही. शब्दांची हुशारी करून दाव्याच्या कारणाचा भास निर्माण केलेला असेल तर असा दावा सुरुवातीलाच खुडावा, हे सर्वोच्च न्यायालयाने टी. अरिवंदनदम विरुद्ध टी. व्ही. सत्यपाल या प्रकरणात १९७७ मध्ये सांगितले, आणि रूल ११ च्या जवळपास प्रत्येक अर्जात प्रतिवादी त्याचा दाखला देतात. आणि ‘मुदतबाह्य’ म्हणून नाकारला असेल तर नवा दावा आणखीच मुदतबाह्य असणार. रूल ११ खालचा नकार हा हुकूमनामा (डिक्री) समजला जातो, म्हणून तिथे कलम ९६ खाली अपील करा: जिल्हा न्यायालयात ३० दिवस, उच्च न्यायालयात ९० दिवस.

दावाअर्ज योग्य कोर्टात दाखल करण्यासाठी परत दिला असेल, ऑर्डर ७ रूल १०, तर ते मुळात डिसमिस नाहीच. परत देण्याचा शेरा असलेला तो कागद जपा. मुदतीच्या हिशोबाला तोच आधार.

गुणदोषांवर निकाल लागला असेल, मुद्दे काढून निष्कर्ष दिले असतील, तर कलम ११ चा प्राङ्न्याय, म्हणजे एकदा निकाल लागलेला वाद पुन्हा चालवता येत नाही हे तत्त्व, आड येतो. त्यात जे मुद्दे आधीच्या दाव्यात मांडता आले असते आणि मांडायला हवे होते तेही आले. अपील करा, नव्या दाव्याचा विचार सोडा. वादी पुरावा देत नाही म्हणून ऑर्डर १७ रूल ३ खाली निकाल दिला असेल, तर तोही याच रांगेत बसतो. वादी हजर होता का, हे इथेही रोजनाम्यातच पाहावे लागते.

पुरसिस देऊन काढून घेतलेला दावा

सर्वांत जास्त नुकसान इथे होते, म्हणून जरा थांबून पाहू.

दाव्यात काहीतरी चूक सापडते. गट नंबर चुकलेला असतो, एक आवश्यक पक्षकार राहिलेला असतो, सरकारला दाव्याआधीची कलम ८० ची नोटीस दिलेली नसते. कोणीतरी सांगतो, ‘काढून घेऊ, नवा टाकू.’ मग एका पानाची पुरसिस, म्हणजे कोर्टाला दिलेले लेखी निवेदन, जाते: ‘वादीस सदरचा दावा पुढे चालवणे नाही. सबब दावा निकाली काढावा.’ कोर्ट खाली लिहिते, ‘पुरसिस वाचली, दावा निकाली.’ झाले. ऑर्डर २३ रूल १(४) प्रमाणे त्याच विषयावर नवा दावा बंद. नंतर कितीही सांगितले की आमचा हेतू नवा दावा टाकण्याचा होता, तरी हेतूला किंमत नाही. परवानगी कागदावर हवी.

योग्य मार्ग म्हणजे ऑर्डर २३ रूल १(३) खालचा अर्ज. पुरसिस नव्हे, अर्ज, सोबत शपथपत्र. त्यात चार गोष्टी हव्यात. दोष नेमका कोणता. त्या दोषामुळे दावा का पडेल. दोष चालू दाव्यात ऑर्डर ६ रूल १७ च्या दुरुस्तीने का निघत नाही, कारण न्यायाधीशांचा पहिला प्रश्न हाच असतो. आणि विनंतीच्या परिच्छेदात ‘त्याच कारणावर नवा दावा दाखल करण्याच्या मुभेसह’ हे शब्द. त्याखाली आणखी एक ओळ घाला: ‘अशी मुभा देता येत नसल्यास हा अर्ज नामंजूर समजून दावा पुढे चालवण्यात यावा.’ ही ओळ नसली की दावा काढून घेतला, मुभा नाकारली, असा अर्धवट आदेश होण्याचा धोका राहतो.

पुरावा कमकुवत आहे, साक्षीदार उलटला, हा तांत्रिक दोष नाही. त्या कारणाने मुभा मागितली तर मिळत नाही आणि आपली कमजोरी मात्र समोरच्याला लेखी कळते. वादी एकाहून अधिक असतील तर इतरांच्या संमतीशिवाय एकाला काढून घेता येत नाही. मुभा खर्च भरण्याच्या अटीवर मिळाली असेल तर आधी खर्च भरा, पावती घ्या, ती नव्या दाव्याच्या कागदयादीत लावा. खर्चाआधी दाखल केलेल्या दाव्यावर पहिली हरकत त्याचीच येते.

दिवस मोजणे

नवा दावा चालतो असे ठरले तरी मुदत शिल्लक हवी. मुदतीच्या कायद्याचे कलम ५, म्हणजे विलंब माफी, अर्ज आणि अपिलांना लागू आहे, दाव्याला नाही. दावा एक दिवस उशिरा आला तरी गेला. ऑर्डर २३ खाली मुभा मिळाली तरीही रूल २ सांगतो की पहिला दावा झालाच नव्हता असे समजून मुदत मोजायची. मुभा म्हणजे मुदतवाढ नव्हे.

मुख्य सवलत म्हणजे कलम १४. पहिल्या कोर्टाला अधिकारक्षेत्र नव्हते किंवा तशाच स्वरूपाचा दोष होता, वादीने दावा सचोटीने आणि काळजीपूर्वक चालवला होता, विषय आणि पक्षकार तेच होते, तर तिथे गेलेला काळ वजा होतो. ऑर्डर २३ ची मुभाही अशाच दोषावर मिळाली असेल तर कलम १४(३) मुळे वजावट मिळते. वादीच्या गैरहजेरीमुळे दावा गेला असेल तर नाही.

हिशोब करून पाहू. करारानुसार पैसे देण्याची तारीख १० जून २०२२. तीन वर्षांची मुदत १० जून २०२५ ला संपते. पहिला दावा १० मार्च २०२५ रोजी अधिकारक्षेत्र नसलेल्या कोर्टात गेला आणि २० जानेवारी २०२६ रोजी दावाअर्ज परत मिळाला. दाखल केल्याचा आणि संपल्याचा, दोन्ही दिवस वजावटीत धरायचे, म्हणजे ३१७ दिवस. १० जून २०२५ च्या पुढे ३१७ दिवस मोजले की २३ एप्रिल २०२६ येते. तोवर योग्य कोर्टात दाखल करा. २० जानेवारीनंतर कागद गोळा करण्यात गेलेले दिवस वजा होत नाहीत, ते तुमच्या खात्यातून जातात.

आता समजा हाच दावा योग्य कोर्टात होता आणि २० जानेवारी २०२६ ला दोन्ही पक्ष गैरहजर म्हणून निघाला. ऑर्डर ९ रूल ४ नवा दावा टाकू देतो, पण मुदत तर १० जून २०२५ लाच संपली. पुस्तकात दोन वाटा, प्रत्यक्षात एकच: नंबरावर घेण्याचा अर्ज. त्याची मुदत मुदतीच्या कायद्याच्या अनुच्छेद १२२ प्रमाणे ३० दिवस, म्हणजे १९ फेब्रुवारी २०२६. त्या दिवशी शिवजयंतीची सुट्टी, म्हणून कलम ४ प्रमाणे २० फेब्रुवारीला दिलेला अर्जही मुदतीत. पण असल्या सुट्टीवर मुद्दाम विसंबणारा पक्षकार नंतर झेरॉक्सच्या रांगेत अडकतो.

जुन्या व्यवहारांत आणखी एक वजावट पाहा. कोविडमुळे सर्वोच्च न्यायालयाने १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीतून वगळला आहे. तुमची मुदत त्या काळातून जात असेल तर तो हिशोबात धरा.

नंबरावर घेण्याचा अर्ज

अर्ज त्याच कोर्टात. सोबत शपथपत्र आणि वकीलपत्र. तीस दिवस उलटले असतील तर विलंब माफीचा अर्ज वेगळा, त्याचे शपथपत्रही वेगळे. दोन्ही विनंत्या एकाच कागदात कोंबल्या की कार्यालय हरकत काढते. ऑर्डर ९ रूल ९ खाली प्रतिवादीला नोटीस काढावीच लागते, तिचा भत्ता त्याच दिवशी भरा. नंबरावर घेण्याचा अर्जच भत्ता न भरल्यामुळे निघून गेला, अशी उदाहरणे दुर्मीळ नाहीत.

अर्ज टिकतो तो ‘पुरेशा कारणा’वर. ‘अपरिहार्य कारणामुळे वादी हजर राहू शकला नाही’ हे कारण नव्हे. ते असे लिहा: ‘दि. २०/०१/२०२६ रोजी सकाळच्या सत्रात वादीचे वकील याच इमारतीतील दुसऱ्या कोर्टात उलटतपासात होते. त्या कोर्टाचा त्या दिवशीचा रोजनामा यादीसोबत अ. क्र. १ ला दाखल आहे.’ आजारपण असेल तर फक्त दाखला नको, केसपेपर, औषधांची बिले, दाखल झाल्याची आणि सोडल्याची तारीख. तारीख चुकीची टिपली गेली असेल तर डायरीच्या त्या पानाची प्रत आणि वकिलांचे शपथपत्र. वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला होऊ नये, हे सर्वोच्च न्यायालयाने रफीक विरुद्ध मुन्शीलाल मध्ये १९८१ साली म्हटले आहे. मात्र पक्षकारानेही तीन-तीन वर्षे चौकशी केली नसेल तर त्या निकालाचा आधार पुरत नाही.

विलंब माफीत तारखांचा तक्ता द्या: आदेश कधी झाला, कधी कळला, कसा कळला, नक्कल कधी मागितली, अर्ज कधी तयार झाला. मधल्या पोकळीलाच समोरचा वकील बोट लावतो.

विनंतीत दावा नंबरावर घेण्यासोबतच निशाणी ५ (तात्पुरत्या मनाईचा अर्ज) वरचा जुना मनाईहुकूम पूर्ववत चालू करण्याची विनंती स्पष्ट लिहा. दावा परत आला म्हणजे हुकूमही आपोआप परत आला, हे नंतर वाद घालून सिद्ध करण्यापेक्षा आदेशातच लिहून घेतलेले बरे.

नवा दावाअर्ज

जुना दावाअर्ज उघडून तारीख बदलू नका. ज्या दोषाने तो पडला तो तिथेच असतो.

दोषच आधी काढा. सरकार प्रतिवादी असेल तर कलम ८० ची नवी नोटीस आणि दोन महिने थांबणे, किंवा तातडी असेल तर ८०(२) खाली कोर्टाची परवानगी. सहकारी संस्थेच्या कारभाराबाबत तिच्याविरुद्ध दावा असेल तर महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम १६४ ची दोन महिन्यांची नोटीस. कायद्याने सक्तीच्या नोटिशीचा काळ मुदतीच्या कायद्याच्या कलम १५(२) मुळे मुदतीतून वजा होतो. तीन लाख किंवा त्याहून अधिक रकमेचा व्यापारी वाद असेल आणि तातडीचा अंतरिम दिलासा मागितलेला नसेल, तर वाणिज्यिक न्यायालये अधिनियमाच्या कलम १२-अ ची दाखलपूर्व मध्यस्थी करावीच लागते. २० ऑगस्ट २०२२ पासून त्याशिवायचा दावाअर्ज ऑर्डर ७ रूल ११ खाली नाकारला जातो. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज, तीन महिने, दोन्ही पक्ष तयार असतील तर आणखी दोन. हा काळही मुदतीत मोजला जात नाही. समोरचा आला नाही तर तसा अहवाल मिळतो, तो दाव्याला जोडा.

मग जुन्या दाव्याचा परिच्छेद. तो लपवण्याचा मोह पुष्कळांना होतो. सीएनआर टाकून जुना दावा शोधायला प्रतिवादीला दोन मिनिटे लागतात, आणि लपवलेले उघड झाले की मनाईहुकूमच हातचा जातो, कारण तो स्वच्छ हाताने येणाऱ्यालाच मिळतो. परिच्छेद साधारण असा:

‘सदर मिळकतीबाबत वादीने याच प्रतिवादींविरुद्ध मे. दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर, यांचे कोर्टात रेग्युलर मुकदमा नंबर (रे.मु.नं.) —/२०२३ दाखल केला होता. सदर दावा दि. —/—/२०२५ रोजी उभय पक्ष गैरहजर असल्याने ऑर्डर ९ रूल ३ अन्वये काढून टाकण्यात आला. त्यात कोणत्याही मुद्द्यावर निर्णय झालेला नाही. आदेश व रोजनाम्याच्या प्रमाणित नकला यादीसोबत दाखल आहेत.’

त्याखाली मुदतीचा स्वतंत्र परिच्छेद. कलम १४ ची वजावट हवी असेल तर दिवसांचा हिशोब दावाअर्जातच द्यावा लागतो, हे ऑर्डर ७ रूल ६ चे बंधन आहे. युक्तिवादाच्या वेळी तो पहिल्यांदा मांडणे म्हणजे प्रतिवादीला आयता मुद्दा देणे.

सगळ्या मागण्या एकाच वेळी घ्या. त्याच कारणावरची एखादी मागणी ‘नंतर बघू’ म्हणून कोर्टाच्या परवानगीशिवाय सोडली, तर ऑर्डर २ रूल २ प्रमाणे ती कायमची सुटते.

मूळ दस्त जुन्या फाइलमध्ये अडकलेले असतात. ऑर्डर १३ रूल ९ खाली अर्ज देऊन, प्रमाणित नकला जागेवर ठेवून, ते परत घ्या. याला दिवस लागतात, म्हणून निकालानंतर लगेच हात घाला. जुन्या दाव्यातल्या साक्षी नव्या दाव्यात आपोआप येत नाहीत.

कोर्ट फी पुन्हा पूर्ण भरावी लागते. नंबरावर घेण्याच्या अर्जाला ती किरकोळ असते, हाही तो मार्ग आधी तपासण्याचा व्यवहारी हिशोब. मालमत्तेच्या वादात वादी स्त्री असेल तर महाराष्ट्र शासनाच्या १ ऑक्टोबर १९९४ च्या अधिसूचनेची कोर्ट फी माफी मागा, तसे दावाअर्जात नमूद करा.

बृहन्मुंबईतील मिळकत असेल तर लिस पेंडन्सची (मिळकतीबाबत दावा चालू असल्याची) नोटीस नव्या दाव्याच्या क्रमांकाने पुन्हा नोंदवा. जुन्या क्रमांकाची नोटीस त्या दाव्यासोबत गेली. प्रतिवादीने कॅव्हेट (मला न ऐकता आदेश देऊ नये असा आगाऊ अर्ज) दाखल केले आहे का, तेही बघा. ते ९० दिवस चालते, आणि असेल तर नोटिशीशिवाय एकतर्फी मनाईहुकूम विसरा.

रिट याचिका आणि इतर

उच्च न्यायालयात याचिका मागे घेताना आदेशात ‘नवी याचिका दाखल करण्याच्या मुभेसह’ हे शब्द नसतील तर त्याच कारणावर दुसरी रिट चालत नाही. सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात १९८६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ऑर्डर २३ चे तत्त्व रिटलाही लावले. ‘अन्य मार्ग वापरा’ म्हणून निकाली काढली असेल तर त्या मार्गानेच जा, आणि तिथे कलम १४ ची वजावट मागा. कार्यालयीन हरकती दूर न केल्याने याचिका आपोआप रद्द झाली असेल तर नवी टाकण्याऐवजी हरकती दूर करून पूर्ववत करण्याचा अर्ज द्या. नव्या याचिकेत झालेल्या उशिराचे उत्तर द्यावे लागते, जुनीला तिची मूळ तारीख असते.

कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या जिल्ह्यांसाठी १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचे सर्किट बेंच सुरू आहे. जुनी याचिका मुंबईत फेटाळली गेली असली तरी नवी कुठे दाखल करायची ते आधी बघा, आणि ‘यापूर्वी कोणतीही याचिका दाखल केलेली नाही’ हा साच्यातला परिच्छेद न खोडता ठेवू नका.

चेक न वटल्याची फिर्याद तक्रारदार गैरहजर म्हणून निघाली असेल तर हे सगळे गणित लागू नाही. तिथे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २७९ खाली आरोपी निर्दोष सुटतो. तीच फिर्याद पुन्हा देता येत नाही, वरच्या कोर्टात जावे लागते, आणि त्याचीही मुदत त्या आदेशाच्या तारखेपासून चालू झालेली असते.